४५ अंशात ज्वेल ऑर्किड: विदर्भात कोणी जगवलंय का?

खारपाण | ८ एप्रिल, रात्री ९:५०

नमस्कार मंडळी. आजवर इथे नुसतं वाचत आले, धागा पहिल्यांदाच काढतेय.

आमचं गाव दर्यापूर तालुक्यात, खारपाणपट्ट्यात. दिवाळीला पुण्याची भाची आली ती दोन रोपं घेऊन. एक लुडिसिया डिसकलर: काळपट जांभळं पान, हात लावला तर मखमल, त्यावर तांबड्या रेघा. दुसरं मॅकोडिस पेटोला: हिरव्या पानावर सोनेरी जाळी, रात्री टॉर्च मारला की जरीच्या पदरासारखं चमकतं. ही ज्वेल ऑर्किडं, म्हणजे फुलांसाठी नाही, पानांसाठी पाळायची ऑर्किडं. "मावशी, यांना दमट हवा लागते बरं का," एवढं सांगून भाची गाडीत बसली.

थंडीत दोन्ही झकास होती. होळी झाली आणि मॅकोडिसच्या पानांच्या कडा पापडासारख्या वाजायला लागल्या. दिवसातून चार-पाच वेळा फवारा मारते. कडा काही थांबल्या नाहीत, उलट लुडिसियाच्या मखमलीवर पांढरे ठिपके आले. हवेतला ओलावा दाखवणारं छोटं यंत्र मागवलं, ते आज दुपारी तीनला ३७ अंश आणि १४ टक्के दाखवत होतं. अजून अख्खा मे पडलाय.

घर जुनं, मातीच्या जाड भिंतींचं, पुढे टिनाची पडवी. कुंड्या मधल्या खोलीत उत्तरेच्या खिडकीशी. पाणी बोअरचं, खारं.

पुण्या-मुंबईच्या मंडळींनी कृपया "बाथरूममध्ये ठेवा" म्हणू नये. आमची न्हाणी अंगणात आहे आणि तिला छप्पर नाही.

वऱ्हाडी ठेचा | ८ एप्रिल, रात्री १०:१२

काय बाप्पा! इथं मानूस सुकून राह्यला अन् ताई ऑर्किड लावून राह्यल्या. आमची तं तुळसही मे महिन्यात हात जोडते.

माती कोनती टाकली ते सांगा आधी. वावरातली काळी असंन तं उन्हाळा सोडा, पावसाळ्यातच गेलं समजा. काळी माती ओली झाली का फुगते, वाळली का भेगा पडतात, अन् त्या भेगेत मुळी तुटते. कपाशीची मुळी तगते, हे नाई तगनार.

खारपाण | ८ एप्रिल, रात्री १०:३०

भाऊ, माती नाहीच. भाचीने आणलं तेच आहे: कोकोपीट (नारळाच्या शेंडीचा भुसा) आणि वर शेवाळासारखं काहीतरी.

सातपुडा | ९ एप्रिल, सकाळी ७:०५

मी चिखलदऱ्याला असतो. सुमारे ११०० मीटर उंची, इथे कॉफी होते, त्यामुळे माझा अनुभव तुमच्या कामाचा नाही हे आधीच कबूल करतो. माझी लुडिसिया पडवीत नुसती पडून असते.

पण ठिपक्यांचं सांगतो. ते तुमच्या खाऱ्या पाण्याचे क्षार आहेत. फवाऱ्याचं पाणी उडून जातं, मीठ पानावर राहतं. आणि फवाऱ्याने वाढलेला ओलावा तुमच्या हवेत पाच-दहा मिनिटांत संपतो. म्हणजे दिवसाला पाच वेळा मीठ लावायचं आणि उरलेला दिवस वाळत घालायचं. याला आमच्याकडे आंब्याच्या फोडी करणं म्हणतात. फवारा आजपासून बंद करा.

माहेर यवतमाळ | ९ एप्रिल, सकाळी ११:२०

मी पुण्याचीच, पण माहेर यवतमाळचं, म्हणून बोलायचा हक्क आहे!

ताई, बरणी. खोली दमट करायच्या नादी लागू नका, ते होणारच नाही. रुंद तोंडाची काचेची बरणी घ्या, तळाला खडे, वर ओलं स्फॅग्नम मॉस (पाणी धरून ठेवणारं शेवाळ), त्यात रोप, वर झाकण. आतला ओलावा नव्वदच्या वर जातो. ही युक्ती फार जुनी आहे. लंडनच्या नॅथॅनिएल वॉर्ड नावाच्या डॉक्टरने पतंगाचा कोष बघायला बंद बाटलीत ओली माती घालून ठेवला होता, तर १८२९ च्या सुमारास त्या मातीत नेचं उगवलेलं दिसलं. लंडनच्या कोळशाच्या धुरात त्याची बाहेरची नेची मरत होती आणि बाटलीतलं मजेत. पुढे अशाच काचपेट्यांतून रोपं जहाजाने जगभर फिरली.

माझी मॅकोडिस दोन वर्षं बरणीत आहे. महिन्यातून एकदा पाणी.

काडीकाम | ९ एप्रिल, दुपारी १:१५

ऑर्किडला कोकोपीट? सडेल. कोळसा, विटांचे तुकडे, नारळाच्या शेंड्या, बस्स. मुळांना हवा पाहिजे. माझी डेंड्रोबियम अशीच आहेत.

झाडीपट्टी | ९ एप्रिल, संध्याकाळी ६:४०

काडीकाम जी, तुमचं डेंड्रोबियमबद्दल बरोबर आहे, पण इथे लागू नाही. मी गडचिरोलीकडचा. आमच्या जंगलात मोहावर, आंब्यावर वांडा टेसेलाटा असतं. जाड चिवट पान, हवेत लोंबणारी मुळं. मे महिन्यात झाडाला पान नसलं तरी ते फांदीला चिकटून उभं राहतं. ते झाडावरचं ऑर्किड.

लुडिसिया नि मॅकोडिस जमिनीवरची आहेत. लुडिसिया ईशान्य भारतापासून इंडोनेशियापर्यंतच्या ओल्या जंगलात, कुजक्या पाल्यात सरपटत वाढते. आल्याच्या कांडीसारखं रसाळ खोड आडवं पुढे जातं आणि पेरापेराला मूळ सोडतं. त्याला कोरडा कोळसा दिला तर उपाशी मरेल. त्याला कायम ओलसर पण भुसभुशीत मिश्रण लागतं. दोन भाग धुतलेलं कोकोपीट, एक भाग चाळलेलं पानखत, एक भाग परलाईट (हलके पांढरे खनिज दाणे) नाहीतर बारीक कोळसा. कुंडी खोल नको, पसरट हवी.

कोकोपीट धुतलेलं म्हटलं ते विसरू नका. त्यातही मीठ असतं. दोन-तीन पाण्यांतून काढायचं.

आणि एक, न विचारता: हौस वाढली म्हणून कोणी जंगलातलं ऑर्किड उपटून आणू नका, विकत देणारा भेटला तरी. सगळं ऑर्किड कूळ साईट्स करारात, म्हणजे वन्य प्राणी-वनस्पतींच्या व्यापारावर बंधनं घालणाऱ्या आंतरराष्ट्रीय करारात आहे. ऊतिसंवर्धनाची (टिश्यू कल्चरची) रोपं रोपवाटिकेत मिळतात, तीच घ्या.

काडीकाम | ९ एप्रिल, रात्री ८:०२

मान्य. जमिनीवरचं असतं हे माहीत नव्हतं.

खारपाण | २३ एप्रिल, रात्री १०:४०

वाईट बातमी. मॅकोडिस गेलं.

बरणी आणली, मॉस मागवलं, सगळं सांगितल्याप्रमाणे केलं. दहा दिवस इतकं छान होतं की फोटो टाकणार होते. परवा आम्ही लग्नाला अकोल्याला गेलो. घरच्यांनी वाऱ्यासाठी पश्चिमेची खिडकी उघडली, दुपारी चारच्या उन्हाची एक पट्टी नेमकी बरणीवर आली. संध्याकाळी येऊन पाहते तर पानं उकडलेल्या पालकासारखी, काचेला आतून घाम, झाकण हाताला चटका देणारं. आर्द्रता मात्र ९९ टक्के.

लुडिसिया बरणीत मावत नव्हती म्हणून बाहेर होती. ती वाळतेय पण जिवंत आहे.

माहेर यवतमाळ | २३ एप्रिल, रात्री ११:०५

अरे देवा. चूक माझीच, ताई. पुण्यात उन्हाची पट्टी आली तर बरणी कोमट होते, तुमच्याकडे कुकर होतो हे डोक्यातच आलं नाही. बंद काच असेल तर थेट ऊन पाच मिनिटंही नको, हे पहिल्या ओळीत लिहायला हवं होतं.

निवृत्त मास्तर | २४ एप्रिल, सकाळी ६:१५

मी वर्धा जिल्ह्यातला, तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं. झाडांतलं फार कळत नाही, हवेतलं थोडं कळतं.

तुमचं झाड दोन गोष्टींनी मरतं, एक कोरड आणि दुसरी उष्णता. बरणीने पहिलीवर इलाज केला आणि दुसरी वाढवली. बंद बरणीत बाष्पीभवनच थांबतं, मग गारवा येणार कुठून? आपण घाम येऊनही उकडतो तेव्हा हेच होत असतं.

आता तुमचा तो १४ टक्क्यांचा आकडा बघा. तुम्ही त्याला रडताय, मला तो चांगला वाटतो. थर्मामीटरच्या गोळ्याला ओलं फडकं गुंडाळून हवेत फिरवला तर हवा जितकी कोरडी तितका पारा खाली येतो. ४४ अंश आणि १५ टक्के अशा हवेत तो साधारण २३ पर्यंत उतरतो. एवढा गारवा आपल्या हवेत फुकट पडलेला आहे. म्हणून नागपूरचा कूलर गार वारा देतो आणि मुंबईत तोच कूलर अंग चिकट करतो. मुंबईच्या माठातलं पाणी पिऊन पाहिलंय का? कोमट.

तेव्हा झाड माठात ठेवा. गंमत करत नाही. तोंड फुटलेला रांजण किंवा मोठा माठ घ्या. आत तीन-चार बोटं कमी घेराचा स्टीलचा डबा. मधल्या जागेत रेती, ती सकाळ-संध्याकाळ ओली करायची. डब्याच्या तळाला ओले खडे, त्यावर उपडी वाटी, त्यावर कुंडी, म्हणजे कुंडीचं बूड पाण्यात राहणार नाही. वर काच, पण एका बाजूने दोन बोटं फट ठेवून. बाहेरून माठ पाझरतो आणि गार होतो, आतला डबा ओला राहतो. कोरड बाहेर, काम तिच्याकडून करून घ्यायचं.

रेतीला तुमचं खारं पाणी चालेल, डबा मध्ये असल्याने ते झाडापर्यंत पोचत नाही. म्हणूनच आतलं भांडं मातीचं नको, पाझरणारं नको.

वऱ्हाडी ठेचा | २४ एप्रिल, सकाळी ८:३०

मास्तर, नमस्कार घ्या. पन एक सांगतो, आमच्या खाऱ्या पान्यानं माठ दोन महिन्यांत आंधळा होते. बाहेरून पांढरं फुटते, छिद्रं बुजतात, मंग पानी थंड होत नाई. दर आठ दिवसानं नारळाच्या शेंडीनं बाहेरून घासा लागते. साबन नाई लावायचा.

माहेर यवतमाळ | २४ एप्रिल, सकाळी ९:१०

आणि उजेड? माठाच्या पोटात अंधार असेल ना?

निवृत्त मास्तर | २४ एप्रिल, सकाळी ९:४५

हा प्रश्न माझ्या कक्षेबाहेरचा. जंगलवाल्यांनी सांगावं.

झाडीपट्टी | २४ एप्रिल, दुपारी २:२०

ही दाट सावलीतली झाडं आहेत, फार उजेड मागत नाहीत. उलट जास्त उजेडात लुडिसियाचं पान फिकट, विटकं होतं. काचेच्या वर दीड फुटावर ९ वॉटचा साधा पांढरा एलईडी दिवा, रोज दहा-बारा तास. लाईट गेली तर एखादा दिवस अंधार चालतो. पिवळा जुना बल्ब नको, तो उष्णता देतो.

खारपाण | ६ मे, रात्री ९:१५

करून पाहिलं. त्यात एक घरगुती प्रकरण झालं ते आधी सांगते.

रांजण मिळाला गोठ्यातला, काठ फुटलेला. ठेवायला जागा एकच गार, ती म्हणजे माजघरात घडवंचीशेजारची, जिथे प्यायच्या पाण्याचे माठ असतात. सासूबाई म्हणाल्या, "पान्याजवळ खताची कुंडी? मी हाय तवर नाई." त्यांचंही बरोबर होतं. मी वाद घातला नाही. शेवटी रांजण घडवंचीपासून चार हात लांब, कोठीच्या दारात बसवला. ओलसर पोतं मात्र त्यांनीच आणून रांजणाभोवती गुंडाळलं. "तुमच्या त्या मास्तरले सांग, माठाले पोतं लागते," असा निरोप आहे.

आकडे: काल दुपारी साडेतीनला माजघर ३८ अंश, १९ टक्के. डब्यात २८ अंश, ८१ टक्के. मी यंत्र दोनदा काढून परत ठेवलं, विश्वास बसेना. लुडिसियाला टोकाशी नवीन पान सुटतंय, गुंडाळी अजून उलगडलेली नाही.

पाण्याचा प्रश्न: झाडाला काय घालू? सध्या गावच्या आरओ प्लांटवरून कॅन आणते.

निवृत्त मास्तर | ७ मे, सकाळी ६:०५

तुमच्या सासूबाईंना सांगा, मास्तरने कान पकडले. पोतं म्हणजे जास्त ओला पृष्ठभाग. ते माझ्याच लक्षात यायला हवं होतं.

सातपुडा | ७ मे, सकाळी ७:३०

आरओचं पाणी उत्तम. पण पावसाचं त्याहून बरं आणि फुकट. तुमची चार इंची कुंडी आठवड्याला जेमतेम कपभर पाणी पीत असेल, म्हणजे वर्षाला दहा-बारा लिटर. २० लिटरचा एक कॅन भरला की वर्ष निघालं. टिनावरचं पहिल्या दोन-तीन पावसांचं पाणी जाऊ द्या, ती नुसती धूळ आणि चिमण्यांची घाण असते. नंतरचं गाळून घ्या, झाकण घट्ट, सावलीत.

खत मे महिन्यात देऊ नका. पावसाळ्यात पंधरा दिवसांतून एकदा, पुडीवर लिहिलंय त्याच्या चौथाई. कपाशीला युरिया टाकणाऱ्या हाताला हे जमत नाही, माहीत आहे मला.

वऱ्हाडी ठेचा | ७ मे, सकाळी ८:००

मारा मारा, शेतकऱ्यालेच मारा.

खारपाण | २९ मे, रात्री १०:२०

नवतपा, म्हणजे मेअखेरचे नऊ तापते दिवस, चालू. बाहेर ४६ पर्यंत गेलं. परवा दुपारी चार तास लाईट नव्हती, कूलर बंद, आम्ही सगळे ओल्या चादरी घेऊन जमिनीवर पडलो होतो. डब्यातलं तापमान तेव्हा ३० च्या वर गेलं नाही. धाकटा म्हणाला, "आई, मीही रांजणात बसतो."

नवीन पान उलगडलं. मखमल तशीच.

खारपाण | ३ जुलै, सायंकाळी ७:५०

आता मला ओरडा. मृगाचा पाऊस झाला, पेरणीच्या गडबडीत रांजणाकडे बघायला वेळ झाला नाही. आज काच उचलली तर वास आला. तीन फांद्यांपैकी एक बुडाशी तपकिरी, बोट लावलं तर गळून हातात आली. खड्यांवर पांढरी बुरशी. आणि एका पानाला गोगलगायीने नक्षी काढली आहे.

निवृत्त मास्तर | ३ जुलै, रात्री ८:३०

दोष माझा. उन्हाळ्याचं गणित सांगितलं, पावसाळ्याचं राहिलं. बाहेरची हवाच ८५-९० टक्के झाली की माठ पाझरतो पण गार होत नाही. मग तो नुसता ओला, कोंदट खड्डा. पाऊस लागला की झाड बाहेर काढायचं, हे तेव्हाच लिहायला हवं होतं.

झाडीपट्टी | ३ जुलै, रात्री ९:१०

घाबरू नका जी, लुडिसिया मरता मरत नाही. धारदार ब्लेड स्पिरिटने पुसून घ्या आणि सडका भाग कापत वर या. कापलेला गाभा स्वच्छ, पांढरट हिरवा दिसेपर्यंत थांबू नका. तपकिरी ठिपकाही मागे राहू देऊ नका. मग ती कांडी एक दिवस सावलीत तशीच ठेवा, जखम सुकू द्या. नंतर ओलसर मॉसवर आडवी ठेवायची, पुरायची नाही. दोन-तीन पेरं असली तरी पुरे. तीन-चार आठवड्यांत पेरातून मुळं फुटतात.

बाकीची कुंडी पडवीत, पावसाचा शिंतोडा येणार नाही अशी. पाणी वरचा थर कोरडा दिसला की. पानांच्या बगलेत पाणी साचू देऊ नका, सड तिथूनच लागते.

वऱ्हाडी ठेचा | ३ जुलै, रात्री ९:४०

ट्रायकोडर्मा टाका ना ताई, सड रोखनारी मित्रबुरशी असते ते. हरभऱ्याले मर लागू नये म्हनून आपन बियान्याले लावतोच, घरात पुडी असंनच. चिमूटभर पान्यात कालवून मॉसवर. अन् गोगलगाय रात्री टॉर्च घेऊन हातानं वेचा, औषध नका मारू घरात.

काडीकाम | ३ जुलै, रात्री १०:००

निंबोळी अर्क मारला तर?

सातपुडा | ४ जुलै, सकाळी ६:५०

या पानांवर तेलकट काहीही मारायच्या आधी एका पानावर मारून तीन दिवस बघा. मखमलीवर डाग बसला की जात नाही. पिठ्या ढेकूण (पांढरी, पिठासारखी कीड) दिसला तर काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटने टिपून काढा. कपाशीवाल्यांना पिठ्या ढेकूण ओळखायला शिकवायची गरज नाही. आणि उन्हाळ्यात पानाखाली बारीक जाळी दिसली तर तो लाल कोळी, पानातला रस शोषणारी बारीक कीड, त्याला कोरडी हवाच आवडते.

खारपाण | १६ ऑगस्ट, दुपारी ३:००

कांडीला मुळं फुटली! तीन पेरांतून दोन. पांढरी, केसाळ. आता माझ्याकडे एकाचं दोन झालं.

माहेर यवतमाळ | १६ ऑगस्ट, दुपारी ३:२०

हुश्श. माझा अपराध निम्मा फिटला असं समजते. मॅकोडिस परत पाठवू का?

खारपाण | १६ ऑगस्ट, दुपारी ३:४५

नको ग. ते नाजूक आहे, त्याला लुडिसियापेक्षा जास्त ओलावा लागतो. एक उन्हाळा पुन्हा रांजणात काढू दे, मग बघू. आणि पाठवायचंच झालं तर मार्च ते जून कुरिअरने काही पाठवू नकोस. पार्सल डेपोच्या टिनाखाली दोन दिवस पडलं की बरणीसारखंच होणार.

खारपाण | १९ डिसेंबर, रात्री ९:००

कोणी जागं आहे का? लुडिसियाच्या मधल्या शेंड्यातून केसाळ दांडा वर आलाय, टोकाला बारीक कळ्या. गूगलवर अर्धे लोक म्हणतात कापून टाका, पानांची ताकद जाते.

इकडे रात्री ९ अंश आहे. खिडकीतून आत, कोठीत आणून ठेवलंय, पाणी कमी केलंय.

झाडीपट्टी | १९ डिसेंबर, रात्री ९:२५

बरोबर केलंत. थंड काचेला पान टेकलं की काळं पडतं. आणि फूल कापू नका. फुललेली फांदी पुढे वाढत नाही हे खरं, पण तिच्या बुडाशी बाजूने नवे फुटवे येतात. वर्षभर रांजण घासलात, आता बघा तरी काय येतं.

काडीकाम | १९ डिसेंबर, रात्री ९:५०

मी कापतो. पानांसाठीच आणलंय ना?

वऱ्हाडी ठेचा | १९ डिसेंबर, रात्री १०:०५

काडीकाम भाऊ, तुमच्या घरी लग्नात मुलगी जेवून झाली का लगेच पाठवता काय? राहू द्या ते फूल.

खारपाण | ११ जानेवारी, सकाळी ८:२०

फुललं. बोटाच्या नखापेक्षा लहान फुलं, पांढरी, मध्ये पिवळा ठिपका, आणि प्रत्येकाची मान जराशी वाकडी, जणू कोणी हाक मारली आणि वळून पाहिलं. दांड्यावर पंधरा मोजली. काळ्या पानांवर फारच उठून दिसतात.

सासूबाईंनी कुंडी उचलून घडवंचीवर माठाशेजारी ठेवली. मी काही बोलले नाही.

निवृत्त मास्तर | ११ जानेवारी, सकाळी ८:५०

त्या मुळं फुटलेल्या कांडीवर माझा पहिला हक्क आहे. शनिवारी अमरावतीला येतोय, तिथून दर्यापूरची एसटी धरतो. रांजण मात्र माझा मीच शोधलाय, काठ आधीच फुटलेला आहे.

खारपाण | ११ जानेवारी, सकाळी ९:०५

या मास्तर. जेवायलाच या. येताना सासूबाईंसाठी एक गोणपाट घेऊन या, जुनं तुमच्या झाडाला लागणार म्हणून त्यांनी आत्ताच बाजूला काढून ठेवलंय.